होळीमातेच्या नावचा पास

आबा रिटायर झाले त्या वर्षी रस्त्यावर जीप वाजली की माय चुलीतली लाकडं ओढून त्यांच्यावर पाणी मारायची. भात अर्धा शिजलेला असो की भाकर तव्यावर असो. जीप पुढे निघून गेली की पुन्हा चूल पेटवायची, ओल्या लाकडाचा धूर घरभर, आणि शिव्या खायला मी. कारण एवढंच, की ती लाकडं आम्ही जंगलातल्या क्वार्टरमधून बैलगाडीत घालून गावी आणली होती. आबांची सगळी नोकरी जंगल खात्यात गेली होती आणि आता जंगलाचा माल लांबवल्याचा संशय त्यांच्यावरच निघाला होता. चुलीतलं लाकूड आपल्यावर साक्ष देईल, असं मायच्या डोक्यात बसलं. शेवटी तिनं ती सगळी लाकडं गोठ्यात कडब्याखाली पुरली आणि पुढे कितीतरी महिने कपाशीच्या काड्यांवर स्वयंपाक केला.

मी तिला हसायचे. हसता हसता जीप खरंच पुढे गेली का ते दारातून बघून यायचे, ते मात्र तिला कळू द्यायचे नाही.

आमचं गाव शहाद्याच्या खाली, तापीकडच्या काळ्या जमिनीतलं. भाऊबंदकी मोठी, आबांच्या वाट्याला आलेला तुकडा लहान, म्हणून ते तरुणपणीच अक्कलकुव्याच्या वरच्या जंगलात नाकेदार, म्हणजे वनरक्षक, म्हणून लागले. पुढे बढती मिळून फॉरेस्टर झाले, पण डोंगरातल्या माणसांसाठी ते शेवटपर्यंत नाकेदारच राहिले. वाटेत बिबट्या आडवा आला तर आबा थांबून त्याला जाऊ देत आणि घरी येऊन ते सांगायलाही विसरत. सरकारी शिक्क्याचं पाकीट आलं मात्र, की हातपाय धुऊन, टोपी घालून, मगच उघडायचे. असा भित्रा माणूस मी दुसरा पाहिला नाही, आणि तो माझा बाप होता याचा मला तेव्हा रागही यायचा.

महाराष्ट्र राज्य होऊन दोनेक वर्षं झाली होती. मी गावाशेजारच्या शाळेत नुकतीच मास्तरीण म्हणून लागले होते, तीही टेम्पररी. पेन्शन आज येईल, उद्या येईल म्हणत पहिले महिने गेले. आबा अर्ज करत राहिले. त्यांचं अक्षर असं सुंदर की रेंज ऑफिसात नव्या माणसांना नमुना म्हणून दाखवत. अर्जाच्या खाली ‘आपला आज्ञाधारक’ लिहून ते सही करायचे, आणि ती सही दरवेळी छापल्यासारखी एकसारखी यायची. उत्तर काही येईना. मग एकदा आलं, तेव्हा वाटलं की आलं नसतं तर बरं झालं असतं.

ऑडिटचे साहेब रेंज ऑफिसात जुने पास तपासून गेले होते. जंगलातून बांबू किंवा लाकूड न्यायचं तर पास लागतो. कोणी नेलं, कुठं राहतो, किती नेलं, फी किती, आणि खाली नेणाऱ्याची सही नाहीतर अंगठा. आबांनी फाडलेल्या पासांमध्ये दरवर्षी होळीच्या आधीचा एक पास असा निघाला, की नेणाऱ्याचं नाव ‘होळीमाता’. राहणार म्हणून डोंगरात काठी गावाच्याही वर असलेल्या एका गावाचं नाव. माल, उंच बांबू, एक नग. फी भरलेली. खाली अंगठा. साहेबांनी चौकशी लावली आणि शेरा मारला, ‘सदर नावाचा इसम गावी आढळून येत नाही.’ म्हणजे पास खोटे. म्हणजे खोट्या पासांवर आणखी किती माल बाहेर गेला देव जाणे. खुलासा होईपर्यंत पेन्शन रोखून ठेवलं होतं आणि फौजदारीबद्दल वेगळा विचार होईल, असंही खाली होतं.

तो कागद आबांनी मला वाचायला दिला आणि स्वतः ओट्यावर जाऊन बसले. फौजदारी हा शब्द मी मायसाठी दोनदा गिळला आणि तिसऱ्यांदा सांगून टाकला. त्याच दिवसापासून तिनं जीपच्या आवाजाला चूल विझवायला सुरुवात केली.

त्या पासांची गोष्ट मला लहानपणापासून माहीत होती, कारण तिथल्या होळ्या मी पाहिल्या होत्या. डोंगरातली होळी म्हणजे आमच्याकडच्यासारखी गोवऱ्या आणि एरंडाची फांदी नव्हे. तिथं होळीचा दांडा म्हणजे जंगलातला सगळ्यात उंच, सरळ बांबू. तो तोडल्यापासून उभा करेपर्यंत जमिनीला टेकू देत नाहीत, माणसं खांद्यावरून खांद्यावर आणतात. गावचा पुजारा त्याआधी कितीतरी दिवस पाळणूक करतो, खाटेवर निजत नाही, पायात काही घालत नाही. अशा बांबूचा पास कोणाच्या नावानं फाडायचा? आबा नवे होते तेव्हा त्यांनी पुजाऱ्याचंच नाव घालायला घेतलं, तर तो मागं सरकला. बांबू ज्याच्या नावावर, त्याचा झाला. आणि माणसाचा झालेला बांबू देवीला चालत नाही. मग आबांनी काय करावं? दुसरा कोणी नाकेदार असता तर त्यानं पासच फाडला नसता, काणाडोळा केला असता, आणि आज पेन्शन खात बसला असता. आमचे आबा सरकारला भिणारे. विनापास बांबू जाऊ द्यायचा नाही, आणि देवीलाही दुखवायचं नाही. त्यांनी नावाच्या रकान्यात होळीमाता लिहिलं, फी स्वतःच्या खिशातून भरली, आणि अंगठा पुजाऱ्याचा घेतला. देवीच्या वतीनं. जन्मभर भीत भीत नियम पाळणाऱ्या माणसावर नियम मोडल्याचा ठपका आला तो असा.

शहाद्याला एक वकील होते, त्यांच्याकडे मी आबांना जवळजवळ ओढत नेलं. वकील चांगले होते, फक्त बोलताना पानाचा तोबरा सांभाळायचे. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, “सरकारवर दावा लावायचा तर आधी नोटीस द्यायची आणि दोन महिने वाट पाहायची. त्यातून पेन्शनचा दावा. तो कलेक्टरच्या सर्टिफिकेटशिवाय कोर्ट दाखलच करून घेत नाही.”

“म्हणजे सरकारवर फिर्याद करायला सरकारचीच परवानगी?” मी विचारलं.

“इंग्रज साहेबाच्या राज्यातला कायदा आहे, बाई. साहेब गेला, कायदा राहिला. त्याहून वर मुंबईचं हायकोर्ट. तिथला खर्च तुम्हाला झेपायचा नाही.” मग त्यांनी तोबरा थुंकला आणि जरा मोकळं बोलले. “पण सरकारचंही घर काचेचंच आहे. माणूस नोकरीत असताना चौकशी काढली नाही. रिटायर झाल्यावर काढायची तर वरून मंजुरी लागते, आणि चार वर्षांपलीकडचं उकरता येत नाही. ते जुने पास सगळे बाद. राहिले शेवटचे. तेवढ्यापुरता तो अंगठा कोणाचा, हे सांगून टाका. ज्याचा आहे तो येऊन हो म्हणू दे. फी भरलेली आहे, सरकारचं नुकसान काही नाही. मग कसली फौजदारी?”

मला वाटलं, झालं. एवढंसं काम. मी आबांकडे पाहिलं तर ते खुर्चीच्या अगदी कडेला बसून टोपी हातात फिरवत होते.

“अंगठा कोणा शे, ते मी सांगाव नही,” ते म्हणाले.

“आबा, पुजारानाच शे ना? बठ्ठं गाव सांगी!”

“मी सांगाव नही.”

वकिलांनी नोटीस मात्र तयार केली. वकीलपत्रावर सही करायला आबांनी टाक घेतला आणि त्यांचा हात थरथरायला लागला. त्यांचा हात असा हलताना मी पहिल्यांदाच पाहत होते. कागदावर सही आली ती दुसऱ्याच कोणा म्हाताऱ्याची वाटावी अशी. बाहेर आल्यावर एस.टी. स्टँडवर, केळीच्या घडांच्या आणि माणसांच्या त्या गर्दीत, ते मला म्हणाले, “सरकारवर नोटीस कोन धाडस व माय? ज्यानं मीठ खाधं त्यालेच? आते तुन्ही बी नोकरी जाई.”

“जाई ते जाई,” मी म्हटलं. तोंडानं म्हटलं. त्या आठवड्यात शाळेत तपासणीचे साहेब यायचे असावेत तशी मी रोज दाराकडे बघत शिकवत होते. मुलांना पाढे सांगताना मधलाच एक आकडा गाळला, तर पोरांनीच ओरडून सांगितलं. वर्गाबाहेर सायकल लागली तरी मला घाम फुटायचा. माझ्या पगारावर घर चालत होतं. तो गेला तर काय, या प्रश्नापुढे माझं डोकं जायचंच नाही, तिथंच अडकून बसायचं.

नोटिशीचे दोन महिने भरायच्या आत बोलावणं आलं. अक्कलकुव्याला डाक बंगल्यात चौकशीसाठी हजर राहावे. माय म्हणाली, आबांना तिथूनच घेऊन जातील. तिनं त्यांच्या पिशवीत एक जास्तीचं धोतर घातलं, आणि कसाले म्हणून विचारलं तर रडायला लागली. मी रजेचा अर्ज टाकला, कारण लिहिलं ‘घरगुती’, आणि त्यांच्यासोबत गेले.

त्या दिवशी अक्कलकुव्याचा बाजार होता. डोंगरातली माणसं डोक्यावर मोळ्या, टोपल्या घेऊन उतरलेली. डाक बंगल्याच्या आवारात कडुनिंबाखाली एक म्हातारा उकिडवा बसला होता, शेजारी त्याची बायको. मी लांबूनच ओळखलं. पुजारा. बाजारात कोणीतरी बोललं असणार, नाकेदाराला पकडायला साहेब आलेत म्हणून. मला तर देव पावल्यासारखं झालं. आता याला हाताला धरून आत न्यायचं, अंगठा माझा म्हणायला लावायचं, की सुटलो. मी तिकडे वळणार तोच आबांनी माझं मनगट धरलं. एवढ्या जोरात त्यांनी मला लहानपणीही कधी धरलं नव्हतं.

“त्याले वढू नको,” ते म्हणाले. “त्यानं काय जाई ते तुले ठाव नही.”

मला वाटलं, म्हाताऱ्याला तुरुंगात टाकतील म्हणून हे भितात. मला संताप आला. जन्मभर भिऊन भिऊन स्वतःच्या घरावर पाळी आली, तरी हे दुसऱ्यासाठी भिणारच. पण बापाच्या डोळ्यांत मी असं काही पाहिलं की पाय उचललाच नाही.

साहेब देशावरचे होते, उन्हानं कावलेले. त्यांनी पास पुढे ठेवला. “हा अंगठा कोणाचा?”

“आठवत नाही साहेब,” आबा म्हणाले. शुद्ध बोलायचा प्रयत्न करत होते. जंगलातलं एकेक झाड आठवणीत ठेवणारा माणूस, आणि आठवत नाही म्हणत होता. कपाळावरचा घाम कानामागून गळ्यात उतरत होता, तो पुसायचंही त्यांना सुचत नव्हतं.

“मग तुमचाच असेल. आपण ठसे तपासायला पाठवू. आणि तुमचा निघाला तर पुढचं तुम्हाला सांगायला नको.”

खोलीत पंखा ओढणाराही नव्हता. मी भिंतीला टेकून उभी होते. 

तेवढ्यात दारात सावली आली. पुजारा. शिपायानं हटकलं तरी तो आत आला. उजव्या हातानं डाव्या हाताचा अंगठा धरला होता, लागलेलं बोट धरावं तसा. तो काय म्हणतो ते साहेबांना कळेना, शिपायाला कळत होतं पण तो घाबरून बोलेना. साहेबांनी माझ्याकडे पाहिलं. “तुम्हाला यांची भाषा येते?”

येत होती. क्वार्टरमागच्या ओढ्यावर मी त्यांच्याच पोरींबरोबर खेळून मोठी झाले होते. नाही म्हणावं असं एकदा मनात आलं. एक शब्द इकडचा तिकडे झाला तर दोघांपैकी एक म्हातारा आत जाईल, आणि शब्द माझ्या तोंडचा असेल. पण मी हो म्हटलं.

“विचारा, हा अंगठा त्याचा आहे का?”

मी विचारलं. तो आबांकडे पाहत होता. आबा मान हलवत होते, नको, नको. त्यानं पासाकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

“माझा आहे म्हणतात.”

“दुसऱ्याच्या नावावर अंगठा का लावला, विचारा.”

पुजारा हळू बोलला. त्याचे ओठ कोरडे पडले होते. मी शब्दाला शब्द सांगितलं, “तिला हात नाहीत म्हणून मी लावला. चुकलं असेल तर मला ठेवून घ्या. नाकेदाराला घरी जाऊ द्या.”

 साहेब हसले नाहीत की रागावलेही नाहीत. त्यांना जेवायला उशीर होत होता. त्यांनी जबाब लिहिला, ‘पासावरील अंगठा माझा आहे, बांबू मी नेला’, आणि शाईची डबी पुढे सरकवली. मी तेही त्याच्या भाषेत वाचून दाखवलं. बांबू मी नेला, हे ऐकताना त्यानं डोळे मिटून घेतले. मग अंगठा उठवला. आबा खुर्चीतून उठले होते ते तसेच वाकून उभे राहिले, आणि त्यांच्या तोंडून बारीक आवाज आला. मला वाटलं, सुटल्याचा.

परतीच्या एस.टी.त मी एकटीच बडबडत होते. कोणाला धरलं नाही, कोणाला ठेवून घेतलं नाही, दोन्ही म्हातारे आपापल्या वाटेनं घरी. आबा खिडकीबाहेर बघत होते. तळोदा मागं पडलं तेव्हा ते म्हणाले, “त्यानी होळी गई.”

मला कळेना. मग त्यांनी सांगितलं. बांबू मी नेला, असं त्यानं सरकारच्या कागदावर अंगठा लावून म्हटलं होतं. म्हणजे इतक्या वर्षांचे सगळे बांबू माणसाचे झाले, त्याचे झाले. देवीचा बांबू ज्यानं आपल्या नावावर केला त्याला होळीला हात लावता येत नाही. हे कोणी त्याच्यावर लादणार नव्हतं, तो स्वतःच लावणार नव्हता. मनगट धरून आबा मला हेच सांगत होते. तुरुंगाचं भय त्यांना होतंच, पण ते स्वतःसाठी होतं.

“आपण कोनलेच सांगाव नही,” मी म्हटलं. “वर त्या गावात कोनले कळी?”

“त्याले कळनं शे ना,” आबा म्हणाले.

 आपण सुटलो याचा आनंद माझ्या अंगात अजून होता आणि तो जाता जात नव्हता, याचीच मला लाज वाटत होती. पुढच्या होळीला बाजारात वरच्या गावची माणसं भेटली, त्यांनी सांगितलं की पुजारा आता त्याचा भाचा आहे. म्हातारा होळीच्या दिवशी गावाबाहेर शेतात जाऊन बसतो.

नोटिशीचा परिणाम झाला, की जबाबाचा, की चार वर्षांच्या नियमाचा, ते आम्हाला कोणी सांगितलं नाही. वकील म्हणाले नोटिशीचा, आणि त्यांना तसं म्हणायचा अधिकार होता. पावसाळा उलटल्यावर पेन्शनचा हुकूम आला. मायनं गोठ्यातली लाकडं बाहेर काढली तर निम्मी वाळवीनं खाल्लेली. ती त्यांच्यावरही रडली, पण ते रडणं निराळं होतं.

पहिलं पेन्शन घ्यायला आबा ट्रेझरीत गेले तेव्हा मी बरोबर होते. त्यांनी नवं धोतर नेसलं होतं. खिडकीतल्या कारकुनानं कागद पुढे केला आणि म्हणाला, “इथं सही करा, नमुन्यासारखी.” नमुन्याची सही जुनी, नोकरीतली, छापल्यासारखी. आबांनी टाक उचलला. वकिलाकडे सुरू झालेली ती थरथर तेव्हापासून गेलेली नव्हती. पहिली सही चुकली. दुसरी त्याहून वाकडी आली. मागं रांग लागलेली. ‘घाई करू नका आबा’ असं मी म्हणत होते आणि मीच वळून वळून रांगेकडे बघत होते. तिसऱ्यांदा टाकाचं टोक कागदातून आरपार गेलं.

कारकून वाईट माणूस नव्हता. त्यानं हळूच विचारलं, “बाबा, लिहिता येतं ना तुम्हाला?” आणि उत्तराची वाट न बघता शाईची डबी पुढे सरकवली. “असू द्या. अंगठा लावा. अंगठ्याला काही होत नाही.”

आबांनी अंगठा लावला. पैसे मोजून घेतले, धोतराच्या सोग्यात बांधले, आणि आम्ही एस.टी. स्टँडवर येऊन बाकावर बसलो. मी पदराचं टोक ओलं करून त्यांच्या हाताकडे नेलं, शाई पुसायला. त्यांनी हात मागं घेतला.

“त्यानी अंगठा दिन्हा तं त्यानी होळी गई,” ते म्हणाले. “मी दिन्हा तं मले पेन्शन मिळनं.”

तेवढ्यात रस्त्यावरून एक जीप गेली. कोणाची होती कोण जाणे, केळीच्या व्यापाऱ्याचीही असेल. आबा दचकले आणि त्यांनी तो काळा अंगठा मुठीत लपवला. गाव येईपर्यंत ती मूठ उघडली नाही.